निळ्याचं विरजण

१

सातव्या दिवशी सकाळी निळ्याच्या खोलीचं दार उघडलं, तेव्हा आकड्याला नुसती दोरी लोंबत होती. दोरीला बांधलेली निळ्या सुताची लडी गायब. कुलूप शाबूत, खिडकीचे गज शाबूत, किल्ली जिथं असायला हवी तिथंच.

रंग कसा लागतो हे शेंबड्या पोरालाही ठाऊक असतं. तरी सांगते, कारण या प्रकरणात भल्याभल्यांना त्याचा विसर पडला होता. रंग झाडाला लागत नाही की खाणीत सापडत नाही. तो दह्यासारखा लागतो. पांढरं सूत भिजवायचं, त्यात रंगाचं विरजण म्हणून एक रंगीत लडी ठेवायची आणि माठाचं तोंड बंद करून रात्रभर अंधारात राहू द्यायचं. सकाळी सगळं सूत रंगलेलं. जुन्या लडीतलं तेज नव्या सुतात गेलेलं असतं, ती आता फक्त शोभेची. नव्या सुतातली एक लडी पुढच्या खेपेसाठी बाजूला काढायची. पण ही लडी सातच दिवस ताजी राहते. त्यानंतर रंग मुरतो. दिसायला तसाच, पण दुसऱ्याला लागत नाही.

म्हणजे सातव्या दिवशी संध्याकाळी लडी माठात गेली नाही, तर तो रंग जगातून संपला. असलेली कापडं विरेपर्यंत टिकतील, मग तीही नाहीत. जांभळा तसाच संपला. माझ्या आईच्या पेटीत जांभळ्या कापडाचा बोटभर तुकडा आहे, तेवढाच मी पाहिलाय. तो कसा संपला ते कुणालाच माहीत नाही.

आणि निळा साऱ्या मुलखात एकाच घरी लागायचा. त्याच घरातली ही लडी. मागच्या खेपेला पांढरं सूत वेळेवर पोचलं नव्हतं, म्हणून लडीपुरतंच लावलं होतं. ताजा निळा दुसरीकडे कुठे चिंधीभरही नव्हता.

"किल्ली कुणाकडे होती?" घरच्या काकांनी विचारलं. त्यांना उत्तर माहीत होतं.

"माझ्याकडे," चिमणी म्हणाली. ही त्यांची पुतणी, वय वर्षं बावीस. घरात सगळे तिला चिमणीच म्हणायचे.

"मग सूर्य मावळायच्या आत लडी आण. नाही आणलीस, तर हे घर तुझं नाही. बाप नाही म्हणून वाढवली, ती निळ्याच्या मुळावर उठायला नव्हे!"

चिमणी रडली नाही. दाराच्या चौकटीला धरून उभी राहिली आणि म्हणाली, "काका, आधी पारखी बोलवा. मग मला काढा."

२

पारखी म्हणजे आमचे भाऊजी, माझ्या थोरल्या बहिणीचे यजमान. रंगांच्या भानगडी सोडवण्यात त्यांचा हात धरणारा कुणी नाही, आणि गंमत अशी की त्यांना रंगच दिसत नाहीत. जन्मापासून सगळं काळं, पांढरं आणि मधलं. म्हणून मी बरोबर असते, रंग सांगायला. एकदा रागाच्या भरात मी त्यांना पोपटी सदरा राखाडी म्हणून घालायला लावला होता. ते त्यात भर सभेत जाऊन आले. तेव्हापासून महत्त्वाच्या दिवशी ते बहिणीलाही विचारून घेतात.

निळ्याच्या खोलीच्या दारावर तीन ओळी कोरल्या होत्या. पांढरं नेऊ नये. ओलं नेऊ नये. अंधार करू नये.

"दोरी मात्र पांढरी दिसतेय," भाऊजी म्हणाले.

"ती मुद्दाम," चिमणीनं सांगितलं. "लडी ओलसर ठेवावी लागते. दिवसा ऊन असतं, रात्री दिवा. उजेडात रंग लागत नाही. पण दिवा विझला, तर अंधारात दोरी निळी होते. म्हणजे राखणारीची झोप सकाळी सगळ्यांना दिसते."

भाऊजींनी दोरी हातात घेतली, खिडकीशी नेली, उलटसुलट पाहिली आणि मला दाखवली. टोकापर्यंत पांढरी. मग ते दिव्यापाशी गेले.

"तेल कधी घातलंत?"

"काल दिवेलागणीला, काठोकाठ. रात्रभरात पाऊण दिवा संपतो." चिमणी वाकली आणि तशीच थांबली. "हे बघा. बोटभरसुद्धा उतरलेलं नाही."

"सकाळी हे काकांना सांगितलंत?"

"आत्ताच लक्षात आलं. लडी गेल्यावर दिव्याकडे कोण बघतंय?"

भाऊजींनी वातीवर भिंग धरलं. वातीचं टोक चपटं झालं होतं, जसं कुणी दोन बोटांच्या चिमटीत दाबावं.

"फुंकर नाही मारली," ते स्वतःशीच म्हणाले. मग माझ्याकडे वळले. "मेहुणीबाई, चोर घरातला आहे. आणि चोरी करायला आलाच नव्हता."

मी म्हटलं, "मग काय दिवा विझवायला आला होता?"

"त्याचंच उत्तर शोधायचंय. चला, व्यापाऱ्याला भेटू."

३

व्यापारी काल पांढरं सूत घेऊन आला होता आणि वरच्या खोलीत उतरला होता. गोल चेहऱ्याचा, हसरा माणूस. त्याच्या कोठारात निळ्या कापडाचे गठ्ठे छतापर्यंत रचलेले आहेत हे सगळ्या गावाला ठाऊक होतं. संध्याकाळच्या गाडीनं तो निघणार होता.

"निळा संपला तर तुमच्या कोठाराचं सोनं होईल," भाऊजी म्हणाले.

"होईल की! नाही कशाला म्हणू?" तो खुशाल पाय हलवत बसला. "पण मग पुढच्या वर्षी विकू काय? माझा धंदा निळ्यावर चालतो साहेब, निळ्याच्या तेराव्यावर नाही."

"लडी विकत मागितली होतीत?"

"दोनदा. दोन्ही वेळा काकांनी दाराबाहेर काढलं. एकदा तर चप्पल घालायचीही सवड दिली नाही."

"समजा तुम्ही ती चोरली असतीत. निघताना दिवा विझवला असतात?"

"कशाला?" तो खरोखरच गोंधळला. "ती खिडकी रस्त्यावर आहे. रात्रभर उजळलेली बघायची लोकांना सवय. अंधार दिसला की कुणीतरी दार ठोठावणार. मी तर उलट आणखी तेल घातलं असतं."

जिना उतरताना मी म्हटलं, "हा फार गोड बोलतो. मला तोच वाटतो."

"मलाही तोच आवडला असता," भाऊजी म्हणाले. "पण त्यानं आत्ता जे सांगितलं, ते खरं आहे."

काका माठांच्या खोलीत होते. सकाळपासून त्यांनी त्या खोलीला स्वतःचं कुलूप लावलं होतं आणि दारात स्टूल टाकून बसले होते. आत नव्या सुताचा ढीग, पांढराशुभ्र, आणि शेजारी रिकामा माठ. त्यांच्याकडे बघून मला राग येणार होता, पण आला नाही. माणूस एका सकाळीत दहा वर्षांनी म्हातारा झाला होता.

"चिमणीनंच केलंय असं का वाटतं?"

"किल्ली तिच्या उशाखाली होती. सहा दिवसांपूर्वी माझ्या थोरल्या ताईनं तिला दिली, सवय व्हावी म्हणून. आज संध्याकाळी ती पहिल्यांदा लडी माठात ठेवणार होती आणि किल्ली कायमची तिची होणार होती. व्यापारी काल आला. पोरीला काय आमिष दाखवलं असेल कोण जाणे."

"तुमच्या ताई काय म्हणतात?"

काका फटकन म्हणाले, "ती काय म्हणणार! म्हणे, माझा रात्रभर डोळ्याला डोळा लागला नाही, चिमणी अंथरुणातून हललीसुद्धा नाही, आम्ही दोघी झोपतो त्या खोलीत चिटपाखरू आलं नाही. भाचीवर जीव आहे तिचा. उद्या म्हणेल लडी स्वतःच्या पायांनी चालत गेली."

भाऊजी जागच्या जागी थांबले. हा माणूस असा थांबला की त्याला काहीतरी सापडलेलं असतं.

"असं त्या स्वतः म्हणाल्या?"

"चारचौघांसमोर."

"फार वाईट झालं," भाऊजी म्हणाले.

४

आत्याबाई मागच्या अंगणात सावलीत बसल्या होत्या. काकांची थोरली बहीण, चाळीस वर्षं निळा राखणारी. सत्तरीच्या, पण ताठ. अंगावर पिवळं लुगडं, कारण त्या घरात रंगलेलंच कापड वापरतात, त्यावर दुसरा रंग चढत नाही. डोक्याला कानांवरून घट्ट रुमाल. उकाडा असा होता की भिंतींनाही घाम फुटावा. आम्ही सगळे बोडक्या डोक्यानं फिरत होतो.

"रुमाल कुठल्या रंगाचा?" भाऊजींनी हळूच विचारलं.

"हिरवा. जाड."

"आत्याबाई, गरम होत नाही?"

"सर्दी झालीय," त्या म्हणाल्या.

चिमणी पाण्याचा तांब्या घेऊन आली होती. ती पटकन म्हणाली, "होणारच! काल दिवेलागणीनंतर न्हायलीस आणि ओल्या केसांनीच झोपलीस. मी तसं केलं असतं तर माझी हजेरी घेतली असतीस."

"आज तुझा दिवस, म्हणून न्हायले. त्यात काय एवढं?"

"राखणारीसाठी आणखी काही नियम आहे का?" भाऊजींनी विचारलं. "दारावर तीन आहेत."

"चौथा लिहीत नाहीत," आत्याबाई म्हणाल्या. "राखणारीनं स्वतःसाठी रंग घेऊ नये. एक धागासुद्धा नाही. राखणारी चाखायला लागली तर पुढच्यांना काय उरेल? मी बाकी सगळे रंग नेसले. निळा नाही." त्या हसल्या. "चिमणी, तूही नाही नेसायचास."

"मला नकोच आहे. मला फक्त लडी सापडू दे," चिमणी म्हणाली, आणि सकाळपासून पहिल्यांदाच तिचा आवाज फुटला. "आत्या, मला हे घर सोडून कुठंच जायचं नाही गं."

आत्याबाईंनी तोंड उघडलं. मला वाटलं, आता त्या काहीतरी सांगणार. पण त्यांनी तांब्या घेतला आणि पाणी प्यायल्या.

"चिमणी," भाऊजी म्हणाले, "तुम्ही कधी तो दिवा विझवला आहे का?"

"कधीच नाही. आज पहिल्यांदा विझवणार होते. लडी काढून माठाकडे न्यायची, तेव्हाच दिवा शांत करतात. लडी नाही तिथं दिवा नाही. आत्यानं शिकवलंय, फुंकर मारायची नाही, काजळी उडते. वात बोटांनी..."

ती बोलता बोलता थांबली. तिनं स्वतःच्या बोटांकडे पाहिलं, मग आत्याकडे.

ऊन भिंतीवर चढलं होतं. मावळायला तास-दीड तास उरला असेल.

"सगळ्यांना माठाच्या खोलीशी बोलवा," भाऊजी मला म्हणाले. "व्यापाऱ्याला नको. हा घरातला मामला आहे."

५

काका स्टुलावरून उठले नाहीत. चिमणी दाराशी उभी राहिली, आत्याबाई तिच्या शेजारी.

भाऊजींनी सुरुवातच अशी केली: "ज्यानं लडी नेली, त्याला ती चोरायची नव्हती. तासाभरात परत आणून लटकवायची होती."

"कशावरून?" काका म्हणाले.

"दिव्यावरून. तेल बोटभरही उतरलेलं नाही, म्हणजे भरल्यावर थोड्याच वेळात दिवा विझला. दोरी पांढरी आहे, म्हणजे विझला तेव्हा लडी तिथं नव्हती. आधी लडी काढली, मग दिवा शांत केला. चोरानं असं का करावं? अंधारी खिडकी म्हणजे गावाला दिलेली हाक; काल ती कुणाच्या लक्षात आली नाही, ही गोष्ट वेगळी. त्यात त्याचा फायदा नाही, तोटाच आहे. हे विचार करून केलेलं काम नाही. हे हातानं आपोआप केलेलं काम आहे. लडी उचलली की वात चिमटीत धरायची. असा हात एका दिवसात तयार होत नाही."

काकांनी चिमणीकडे पाहिलं.

"तिनं तो दिवा कधी विझवलेलाच नाही," भाऊजी म्हणाले. "चाळीस वर्षं, दर सातव्या दिवशी, कुणी विझवला?"

मला एकदम आत्याबाईंचा कळवळा आला. भाऊजींनी गप्प बसावं असं वाटलं, पण त्यांनी गप्प बसून चिमणी वाचणार नव्हती.

"आता किल्ली. ती चिमणीच्या उशाखाली. आत्याबाई म्हणतात, चिमणी उठली नाही आणि खोलीत कुणी आलं नाही. काका, तुम्हाला वाटलं त्या भाचीला वाचवताहेत. वाचवतच होत्या. पण त्या खोलीत दोनच माणसं झोपतात. एकीला सोडवलं की दुसरीच उरते. आत्याबाईंना हे कळत होतं. तरी त्या बोलल्या."

काका उभे राहिले. "ताई?"

"मी चोरली नाही रे," आत्याबाई म्हणाल्या.

"नाहीच चोरली," भाऊजी म्हणाले. "आम्ही सकाळपासून काखेत कळसा आणि गावाला वळसा घालत होतो. मेहुणीबाई, दारावरचे तीन नियम म्हणा बरं."

मी म्हटले. "पांढरं नेऊ नये. ओलं नेऊ नये. अंधार करू नये."

"काल संध्याकाळी न्हालेले ओले केस. सत्तरीचे, पांढरे. दिवा शांत केलेली रात्र. आणि आज या उकाड्यात जाड रुमाल." त्यांचा आवाज मऊ झाला. "आत्याबाई, तो काढा आता. पोरगी घराबाहेर जातेय."

६

त्यांनी गाठ सोडायला वेळ लावला. चिमणी पुढे झाली आणि तिनं सोडली.

मी आयुष्यात खूप निळा पाहिलाय. असा नाही पाहिला. रुमालाखाली गुंडाळलेली कमरेपर्यंतची वेणी खाली सुटली, मुळापासून टोकापर्यंत निळी, बट न् बट.

"कसा आहे?" भाऊजींनी मला विचारलं. त्यांना फक्त काळपट काहीतरी दिसत असणार.

मी नेहमी काहीतरी टोमणा मारते. त्या दिवशी सुचला नाही. "सुंदर आहे, भाऊजी," मी म्हटलं. "मला तुमच्यासाठी वाईट वाटतंय."

"चाळीस वर्षं राखला," आत्याबाई बोलू लागल्या. "अंगाला एक धागा लावला नाही. आज किल्ली जाणार. काल वाटलं, एकदा हातात घेऊन बसावं. नुसतं तासभर. चिमणी झोपल्यावर किल्ली काढली, कुलूप लावून परत तिच्या उशाखाली सरकवली. लडी उशाशी घेऊन पडले आणि डोळा लागला. जाग आली तेव्हा चिमणी उठून गेली होती, आणि तिची किंकाळी ऐकली." त्यांनी कनवटीतून निळी लडी काढली. "ही घ्या. हिच्यात काही उरलं नाही. परत लावली असती, तर आज माठात फसली असती. मी निळा घालवला रे."

"सकाळीच सांगायचंस!" काका ओरडले.

"रुमाल काढावा लागला असता."

"आणि मी?" चिमणीनं विचारलं. आवाज शांत होता, म्हणून जास्त लागला. "काका मला हाकलत होते, तेव्हा?"

"सांगणार होते गं. संध्याकाळच्या आत सांगणारच होते."

"किती वेळा ठरवलंत?" भाऊजींनी विचारलं.

"सात-आठ वेळा," आत्याबाई म्हणाल्या आणि रडू लागल्या.

काका भिंतीला टेकले. "म्हणजे संपलाच. सूर्य मावळेल आता."

"मावळू द्या," भाऊजी म्हणाले. त्यांच्या चेहऱ्यावर तो माझ्या बहिणीला न सोसणारा आत्मविश्वास होता. "सातवा दिवस लडीचा होता. लडी तर रात्रीच लागली. निळा संपलेला नाही काका, त्यानं फक्त घर बदललंय. या वेणीचा आज पहिला दिवस आहे."

"माणसाच्या केसावरचा रंग पुढे लागतो?" आत्याबाईंनी डोळे पुसले. "कुणी पाहिलंय?"

"कुणी केलंच नाही, तर पाहणार कोण? पांढरं, ओलं आणि अंधार. रंगाला चौथं काही लागत नाही. चौथा नियम माणसांचा आहे."

कात्री चिमणीनं आणली. आत्याबाई स्टुलावर बसल्या आणि मान खाली घातली. चिमणीनं वेणी हातात धरली, पण कापली नाही.

"काका, किल्ली कुणाची?" तिनं विचारलं.

काकांना तिच्याकडे बघवेना. "तुझीच. मी सकाळी नको ते बोललो, पोरी."

"मग राखणारी म्हणून सांगते. आजपासून चौथा नियम नाही. दर खेपेला राखणारी एक लडी स्वतःसाठी काढेल, सगळ्यांसमोर, दिवसाउजेडी."

"आपल्या घराण्यात असं कधी..." काका म्हणाले.

"म्हणूनच रात्री झालं," चिमणी म्हणाली, आणि तिनं कात्री चालवली.

भिजवलेल्या सुतात वेणी ठेवून माठाचं तोंड बांधलं. आम्ही त्या घरीच मुक्काम केला. झोप कुणालाच आली नसावी, सकाळी सगळे माझ्या आधी माठाशी हजर होते. चिमणीनं फडकं सोडलं आणि दोन्ही हातांनी सूत वर उचललं.

निळं. पाणी गळत होतं आणि निळं होतं. काकांनी तिथंच बसकण मारली. व्यापाऱ्यानं गाडी चुकवली होती, तो जिन्यावरून टाळ्या वाजवायला लागला.

चिमणीनं पहिली लडी पुढच्या खेपेसाठी आकड्याला बांधली. दुसरी आत्याबाईंच्या मांडीवर ठेवली. "ही तुझी. चाळीस वर्षांची." मग जरा थांबून म्हणाली, "माझा राग अजून गेलेला नाही, आत्या. जाईल. पण वेळ लागेल."

"लागू दे," आत्याबाई म्हणाल्या. आखूड कापलेल्या निळ्या केसांत त्या दहा वर्षांनी लहान दिसत होत्या.

परतीच्या वाटेवर भाऊजी म्हणाले, "तुझ्या आईकडच्या त्या जांभळ्या तुकड्याबद्दल विचार करतोय. त्यालाही कुणी चोरलं नसेल."

"मग?"

"कुणाच्या तरी हातून चूक झाली असेल. आणि त्या घरात ती सांगायची सोय नसेल."

घरी पोचल्यावर मी आईची पेटी उघडली. तुकडा हातात घेऊन खिडकीशी नेला. कडेला, शिवणीत अडकलेला, एक लांब केस होता. जांभळा.